60 तासांतून 52 मिनिटे : माहितीपटकार आणि संकलक नेमके काय करतात

लालबागच्या एका जुन्या चाळीत गिरणी कामगारांसाठी खानावळ चालवलेल्या एका मावशींवर माहितीपट करायचा आहे, असे समजू. मावशींनी सत्तरी ओलांडली आहे, गिरण्या केव्हाच बंद झाल्या आहेत, तरी आठ-दहा माणसांचे डबे त्या अजून करतात. दिग्दर्शक वर्षभर अधूनमधून त्यांच्याकडे जातो. कधी पहाटे चारला चूल पेटताना, कधी गणपतीत, कधी चाळीच्या जिन्यात पाणी साचले म्हणून. वर्षअखेर त्याच्याजवळ 60 तासांचे चित्रण जमते. माहितीपट मात्र 52 मिनिटांचा व्हायचा आहे, म्हणजे चित्रित केलेल्या दर 69 मिनिटांमागे साधारण एकच मिनिट प्रेक्षकापर्यंत पोहोचणार आहे. उरलेले 59 तास 8 मिनिटे कोणी, कशी आणि कशाच्या आधारावर वगळायची, हा या पेशाचा गाभा आहे. म्हणून या काल्पनिक मावशींनाच हाताशी धरून तो समजावून सांगतो.

कथापटात पटकथा आधी लिहिली जाते, तिच्याबरहुकूम चित्रण होते आणि संकलक त्या पटकथेचे बोट धरून तुकडे जोडत जातो. माहितीपटात हा क्रम उलटा होतो. चित्रणाला निघताना दिग्दर्शकाजवळ एक विषय, थोडा अभ्यास, चार माणसांचे फोन नंबर आणि बऱ्याच शंका एवढेच भांडवल असते; कोण काय बोलेल, कोणता प्रसंग घडेल आणि कोणता घडता घडता राहील, हे त्याला ठाऊक नसते. त्यामुळे माहितीपटाची खरी पटकथा चित्रण आटोपल्यावर, संकलनाच्या टेबलावर लिहिली जाते, आणि काही माहितीपटांत संकलकाला लेखनाचेही श्रेय दिले जाते ते त्याचमुळे. स्कॉटिश चित्रपटकार जॉन ग्रिअर्सन यांनी 1926मध्ये एका परीक्षणात 'डॉक्युमेंटरी' हा शब्द वापरला आणि पुढे या प्रकाराचे वर्णन वास्तवाची सर्जनशील हाताळणी असे केले. मराठीत आपण 'अनुबोधपट' आणि 'माहितीपट' असे दोन शब्द घडवले. पहिल्यात बोध आला, दुसऱ्यात माहिती आली, पण ती हाताळणी दोन्हींतून निसटली. माहितीपट करणाऱ्याला लोक आजही 'म्हणजे तुम्ही माहिती गोळा करता का' असे विचारतात, त्यात या शब्दाचाही थोडा दोष आहे.

मुंबईचे या प्रकाराशी नाते फार जुने आहे. सावेदादा या नावाने ओळखले जाणारे छायाचित्रकार हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी 1899मध्ये हँगिंग गार्डनमध्ये कुस्तीचा एक सामना चित्रित केला, आणि 1901च्या डिसेंबरमध्ये केंब्रिजहून रँग्लर (तिथल्या गणिताच्या परीक्षेत पहिल्या वर्गाचा मानकरी) होऊन परतलेल्या रघुनाथ परांजपे यांच्या स्वागताचेही चित्रण केले. म्हणजे 'राजा हरिश्चंद्र' पडद्यावर येण्याच्या दहा-बारा वर्षे आधी या शहरात प्रत्यक्ष घडणाऱ्या गोष्टी टिपल्या जात होत्या. स्वातंत्र्यानंतर 1948मध्ये केंद्र सरकारने फिल्म्स डिव्हिजन स्थापन केले. पेडर रोडवरच्या तिच्या आवारातून निघालेले वृत्तपट आणि अनुबोधपट देशभरातल्या चित्रपटगृहांना मुख्य चित्रपटाआधी दाखवणे बंधनकारक होते, आणि 'फिल्म्स डिव्हिजन की भेंट' ही पाटी पडद्यावर आली की शेंगदाणे घ्यायला बाहेर जाणारी एक पिढी त्यातून तयार झाली. त्याच संस्थेत एस. एन. एस. शास्त्री, प्रमोद पती यांच्यासारख्यांनी सरकारी चौकटीत राहून थक्क करणारे प्रयोग केले, हे मात्र त्या पिढीतल्या फारच थोड्यांना ठाऊक आहे. 1954 साली पहिले राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार दिले गेले, तेव्हा कथापटाचे सुवर्णपदक 'श्यामची आई'ला मिळाले, ही गोष्ट शाळकरी मुलालाही सांगता येते. पण अनुबोधपटाचे सुवर्णपदक फिल्म्स डिव्हिजनच्या 'महाबळेश्वर'ला मिळाले होते, हे कोणाच्या स्मरणात नसते. 2022मध्ये फिल्म्स डिव्हिजन राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले. तिने 1990मध्ये सुरू केलेला, दर दोन वर्षांनी भरणारा माहितीपट, लघुपट आणि ॲनिमेशनपटांचा महोत्सव मात्र मुंबईत अजून भरतो.

त्या काळात चित्रण फिल्मवर होई. 16 मिलिमीटरची 400 फुटांची एक रीळ साधारण 11 मिनिटे चालते, आणि ती कच्ची फिल्म विकत घेणे, धुणे, तिची प्रत काढणे हे सारे खर्चाचे काम होते. त्यामुळे कॅमेरा सुरू करण्याआधीच निवड करावी लागे. डिजिटल कॅमेऱ्याने ती सक्ती नाहीशी केली आणि मावशी भाकरी थापत असताना तासभर कॅमेरा चालू ठेवणे सहज शक्य झाले. निवडीचे ओझे त्यामुळे कमी झाले नाही. ते छायाचित्रकाराच्या खांद्यावरून उतरून संकलकाच्या खांद्यावर आले.

हे ओझे अक्षरशः मोजता येते. सेकंदाला 100 मेगाबिट या वेगाने चित्रण करणारा कॅमेरा तासाला 45 जीबी जागा घेतो. 60 तासांचे 2700 जीबी, म्हणजे 2.7 टीबी झाले. शहाणा माणूस याच्या तीन प्रती ठेवतो आणि त्यातली एक वेगळ्या इमारतीत ठेवतो. हा नियम कंटाळवाणा वाटतो तो पहिला अपघात होईपर्यंतच. मी उमेदवारी करत असताना एका छोट्या कंपनीत तीन दिवसांचे चित्रण एकाच डिस्कवर होते. ती टेबलावरून खाली पडली आणि त्या तीन दिवसांतल्या एका वृद्ध गृहस्थांची मुलाखत पुन्हा घेण्याआधीच ते वारले. मुंबईत संकलनाच्या क्षेत्रात येणाऱ्या मुलाला पहिली दोन-तीन वर्षे जे काम मिळते ते हेच: कार्डावरचे चित्रण उतरवून घेणे, प्रती काढणे, वेगळा ध्वनिमुद्रित केलेला आवाज चित्राशी जुळवणे, प्रत्येक तुकड्याला नाव-तारीख देणे आणि मुलाखती शब्दशः लिहून काढणे. सहायक संकलकाचे हे काम हमालीचे आहे अशी समजूत आहे. पण ज्याने 60 तास स्वतःच्या हाताने नावे देऊन लावले आहेत, त्याला पुढे 'मावशी हसल्या आणि मग एकदम गप्प झाल्या तो शॉट' अर्ध्या मिनिटात सापडतो, आणि संकलनाच्या खोलीत या क्षमतेची किंमत मोठी असते.

त्यानंतर सगळे चित्रण पाहायचे असते. दिवसाला सहा तास पाहिले तरी एकदा नजर टाकायला दहा दिवस लागतात, आणि टिपणे घेत, थांबत, मागे जात पाहिले तर त्याचे महिना-दीड महिना होतात. घाईच्या कामात निर्माता हेच दिवस कापू पाहतो. ते कापू देऊ नयेत, कारण पहिल्यांदा पाहताना आपण कुठे हसलो, कुठे कंटाळलो, कुठे अंगावर काटा आला, याची नोंद पुन्हा कधीच करता येत नाही. दुसऱ्यांदा पाहताना आपण प्रेक्षक उरलेले नसतो.

मुलाखती लिहून काढल्या की कागदावरचे संकलन सुरू होते. मावशींच्या मुलाखतीतली वाक्ये कागदावर अधोरेखित करायची, त्यांच्या चिठ्ठ्या करायच्या आणि भिंतीवर लावून क्रम बदलत राहायचे. पण कागदावर उत्तम दिसणारे वाक्य पडद्यावर पुष्कळदा निकामी ठरते. 'तुम्ही मुंबईत कधी आलात' या प्रश्नाला मावशींनी 'सत्तर साली' एवढेच उत्तर दिले असेल आणि प्रश्नकर्त्याचा आवाज आपल्याला ठेवायचा नसेल, तर त्या उत्तराला आगापिछा राहत नाही. जाणता दिग्दर्शक म्हणूनच मुलाखतीआधी 'मावशी, माझा प्रश्न उत्तरात घेऊन पूर्ण सांगा हं' असे विनवतो, आणि मावशी पहिली दोन उत्तरे तशी देऊन तिसऱ्यापासून विसरतात.

आवाजाचे प्रश्न तर मुंबईत पावलोपावली येतात. मावशी बोलत असताना मागून लोकल गेली, तर तिच्या आवाजाखालचे एक वाक्य मधूनच काढता येत नाही. काढले तर गाडी हवेत विरते आणि प्रेक्षकाचा कान अडखळतो. कुकरची शिट्टी, पाणी आल्यावर चाळीत उठणारा बादल्यांचा खणखणाट, शेजारच्या मंडळाच्या ढोलांची तालीम, हे सारे संकलकाच्या हातातल्या कात्रीला बांधून ठेवते. त्यावरचा एक उपाय म्हणजे मुलाखत संपल्यावर सर्वांनी मिनिटभर गप्प राहून त्या खोलीची नुसती शांतता मुद्रित करणे. प्रत्येक खोलीची शांतता निराळी असते, आणि दोन वाक्यांमधली फट त्याच खोलीच्या शांततेने बुजवावी लागते. मावशींच्या स्वयंपाकघरात दिवसभर चालणारा रेडिओ मात्र नम्रपणे बंद करायला सांगावा. एकतर बोलण्याच्या मधे कात्री लावली की गाणे उडी मारते, आणि दुसरे म्हणजे ते गाणे माहितीपटात ठेवायचे तर त्याचे हक्क विकत घ्यावे लागतात, ज्यांची किंमत संपूर्ण माहितीपटाच्या अंदाजपत्रकाच्या बाहेर जाऊ शकते.

चित्राच्या बाजूने, मावशींच्या बोलण्यातले तीन वाक्यांनंतरचे चौथे वाक्य काढायचे असेल, तर तिथे चेहरा झटका खाऊन उडी मारल्यासारखा दिसतो. तो झाकायला दुसरे दृश्य लागते: पीठ मळणारे हात, भिंतीवरचे कॅलेंडर, डब्यांची रांग. या पूरक चित्रणाला व्यवसायात बी-रोल म्हणतात, आणि नवख्याचा बी-रोल चटकन ओळखू येतो, कारण त्यात 'गिरणी' शब्द आला की गिरणी दिसते आणि 'पाऊस' म्हटले की पाऊस दिसतो. चांगला संकलक आवाज आणि चित्र यांना एकाच वेळी कापत नाही. मावशी गिरणी संपाची आठवण सांगू लागतात, त्यांचा आवाज चालूच राहतो आणि आपण आजच्या दुपारी रिकाम्या पाटांपाशी पोहोचलेलो असतो; किंवा उलट, पुढच्या प्रसंगातला जिन्यावरचा पायरव आधी ऐकू येतो आणि चित्र मागून येते. जोड जाणवू न देता प्रेक्षकाला काळातून आणि जागेतून नेण्याची ही युक्ती साधी आहे, पण ती कुठे वापरायची हे वर्षानुवर्षे जोड मारून कळते. एक खासगी तक्रार इथेच नोंदवतो: गिरणीच्या चिमणीवरून थेट काचेच्या टॉवरवर जाणारा कट गिरणगावावरच्या माहितीपटांत इतक्या वेळा येऊन गेला आहे की आता काही वर्षे तो कोणी वापरू नये.

आता एक अवघड जागा पाहू. मावशी ठामपणे सांगतात की संप 'ऐंशी साली' झाला. डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखालचा, सुमारे 2.5 लाख कामगारांचा तो संप 18 जानेवारी 1982 रोजी सुरू झाला, याविषयी शंका नाही. संकलकापुढे तीन-चार वाटा असतात. वाक्य काढून टाकता येते; पण त्याच वाक्यात त्या 'संपात माझ्याकडे बावीस माणसं उधारीवर जेवत होती' असेही म्हणतात, आणि ते वाक्य म्हणजे सबंध माहितीपटाचा कणा आहे. दुसऱ्या ठिकाणी त्या 'ब्याऐंशी' म्हणाल्या असतील तर तो शब्द उचलून इथे चिकटवता येतो. तंत्राच्या दृष्टीने हे पाच मिनिटांचे काम आहे आणि कोणालाही कळणार नाही. माझ्या मते ते करू नये, कारण एकदा माणसाच्या तोंडी त्याने त्या क्षणी न उच्चारलेला शब्द घालण्याची सवय लागली की थांबायचे कुठे, हे ठरवणारे कोणी उरत नाही. मी इथे त्या वाक्याच्या आधी काळ्या पडद्यावर संपाची खरी तारीख दाखवीन आणि मावशींचे वाक्य आहे तसे ठेवीन. प्रेक्षकाला दोन्ही कळेल: इतिहासातली तारीख आणि चाळीस वर्षांनी सैलावलेली आठवण. इतर दिग्दर्शक वेगळा निर्णय घेतील. माहितीपटाच्या एका तासात असे निर्णय शंभरेक तरी असतात, आणि त्यांतल्या बहुतेकांचा मागमूसही पडद्यावर दिसत नाही.

त्याच प्रकारचा दुसरा प्रश्न संदर्भाचा आहे. मावशी एकट्याने झगडल्या, असे दाखवले की गोष्ट देखणी होते. परंतु खानावळ चालवणाऱ्या मुंबईतल्या बायका एकट्या नव्हत्या. प्रेमा पुरव यांनी 1975मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ उभे केले आणि सावकाराच्या व्याजात अडकलेल्या अशा अनेक बायकांना बँकेच्या कर्जाची वाट दाखवली. हे वगळले तर माहितीपटातले एकही वाक्य खोटे ठरत नाही, तरी त्याचे एकूण म्हणणे खोटे ठरू शकते. काय ठेवले यापेक्षा काय वगळले यावरून संकलकाची नियत जोखावी लागते, ती अशा ठिकाणी.

कच्ची जुळणी बहुधा दोन-अडीच तासांची होते. तिच्यावरून रफ कट म्हणजे ढोबळ मांडणी, त्यावरून फाइन कट म्हणजे बारीक दुरुस्त्या केलेली मांडणी, आणि यापुढे एक फ्रेमही हलणार नाही असे ठरले की त्याला पिक्चर लॉक म्हणतात. त्यानंतर रंग सुधारणारा, ध्वनी मिसळणारा आणि उपशीर्षके लिहिणारा यांची कामे सुरू होतात. उपशीर्षकांबद्दल थोडे अधिक सांगितले पाहिजे. पडद्यावर एका वेळी दोन ओळींपेक्षा जास्त मजकूर वाचवत नाही, आणि तोही चार-पाच सेकंदांत वाचून झाला पाहिजे. मावशी 'संपात पुष्कळांच्या चुली थंड होत्या' म्हणतात, तेव्हा इंग्रजी वाचणाऱ्या प्रेक्षकाला घर थंड होते असे वाटता कामा नये. आणि 'गाळा', 'पाळी', 'बदली कामगार' हे गिरणीतले शब्द एका ओळीत उतरवायला भाषांतरकार निष्णातच लागतो. मराठी माहितीपट परदेशी महोत्सवात पडण्याची जी कारणे असतात, त्यांत घाईने केलेली उपशीर्षके वरच्या क्रमांकावर ठेवावी लागतील.

52 मिनिटेच का, हाही प्रश्न रास्त आहे. दूरचित्रवाणीच्या एका तासाच्या जागेतून जाहिराती वजा केल्यावर जो वेळ उरतो, त्याच्या हिशेबाने ही लांबी ठरली आणि वाहिन्यांना विकायच्या माहितीपटांसाठी ती जगभर रूढ झाली. ऑस्करच्या लघु माहितीपट विभागात श्रेयनामावलीसह 40 मिनिटांची मर्यादा असते. विषयाला लागेल तेवढी लांबी घेणारेही आहेत. रमाबाई आंबेडकर नगरात 11 जुलै 1997 रोजी झालेल्या गोळीबारापासून सुरू होणारा आनंद पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' 14 वर्षांत चित्रित झाला, 2011मध्ये पुरा झाला आणि तो सुमारे तीन तासांचा आहे. पटवर्धन आपल्या माहितीपटांचे चित्रण आणि संकलन बव्हंशी स्वतःच करतात.

दिग्दर्शकाने स्वतः संकलन करावे का, हा या व्यवसायातला जुना वाद आहे. पैसे वाचतात, हे उघड कारण आहे. शिवाय 14 वर्षे एखाद्या दुसऱ्या संकलकाला पगारावर ठेवणे कोणाला परवडणार? पण ज्याने भर पावसात दोन तास छत्रीखाली उभे राहून एक शॉट मिळवला आहे, त्याला तो शॉट सोडवत नाही. आपला तो बाब्या, ही म्हण संकलनाच्या खोलीत रोज खरी ठरते. बाहेरच्या संकलकाला त्या पावसाशी देणेघेणे नसते. त्याला पडद्यावर जे दिसते तेवढेच दिसते, आणि म्हणून तो त्या माहितीपटाचा पहिला प्रेक्षक ठरतो. स्वतःच संकलन करणाऱ्यांना यावर उपाय शोधावे लागतात: तीन आठवडे माहितीपट बंद ठेवून दुसरे काम करायचे, किंवा विषयाशी संबंध नसलेल्या पाच माणसांना रफ कट दाखवायचा आणि ते काय म्हणतात यापेक्षा ते कधी चुळबुळतात, मोबाइलकडे कधी पाहतात, याकडे लक्ष ठेवायचे.

पोटापाण्याचे काय, हा प्रश्न आता टाळता येत नाही. मुंबईत केवळ स्वतःच्या माहितीपटांवर घर चालवणारी माणसे अगदी थोडी आहेत. बाकीचे वर्सोव्याच्या आराम नगरात, ओशिवऱ्यात, वीरा देसाई रोडवर भाड्याच्या खोल्यांत जाहिराती, कंपन्यांच्या प्रचारफिती, स्वयंसेवी संस्थांचे अहवालपट, वाहिन्यांचे प्रोमो आणि ओटीटीवरच्या मालिका कापतात आणि त्या कमाईतून पदरमोड करून आपला माहितीपट पुढे ढकलतात. यात कमीपणा मानण्याचे कारण नाही. 30 सेकंदांच्या जाहिरातीने शिकवलेली काटकसर 52 मिनिटांत उपयोगी पडते. देशातून मिळणारा पैसा तुटपुंजा असल्यामुळे अनेक जण परदेशी निधीकडे वळतात. ॲम्स्टरडॅमचा इडफा हा माहितीपट महोत्सव किंवा अमेरिकेतली सनडान्स संस्था यांच्या निधींसाठी अर्ज करताना दहा पानांत आपला न झालेला माहितीपट मांडावा लागतो आणि सोबत काही मिनिटांचा नमुना जोडावा लागतो. म्हणजे दिग्दर्शकाला तितकाच चांगला अर्ज-लेखकही व्हावे लागते, आणि हे कौशल्य फारसे कुठे शिकवले जात नाही.

शिक्षणासाठी पुण्याची फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट आहे, जिथे संकलन हा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे; मुंबईत देवनारच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत माध्यम आणि संस्कृती-अभ्यासाच्या विद्यार्थ्यांना माहितीपट करावे लागतात. पण पदवी पाहून कोणी संकलक नेमत नाही. आधीचे काम आणि आधीच्या दिग्दर्शकाचे दोन शब्द, यांवरच बहुतेक कामे मिळतात.

आणखी एक गोष्ट नव्या मंडळींना उशिरा कळते. भारतीय कॉपीराइट कायद्याच्या दृष्टीने चित्रपटाचा कर्ता हा निर्माता असतो. दिग्दर्शकाने आयुष्याची सात वर्षे घातली आणि संकलकाने दीड वर्ष, तरी करारात वेगळे लिहिले नसेल तर हक्क पैसा घालणाऱ्याचे. म्हणून श्रेयनामावलीत नाव कसे येणार, पुढच्या विक्रीत वाटा असेल का, कच्चे चित्रण कोणाकडे राहणार, हे पहिल्या दिवशी कागदावर आणलेले बरे. 'आपण घरचेच आहोत' या वाक्यावर सुरू झालेल्या कामांचे शेवट मी फारसे गोड झालेले पाहिलेले नाहीत.

माहितीपट पुरा झाला की तो दाखवायचा कुठे? चित्रपटगृहात दाखवायचा तर सेन्सॉर बोर्डाचे प्रमाणपत्र लागते. हा नियम घटनेला धरून आहे का, याचा निकाल एका अनुबोधपटामुळेच लागला: ख्वाजा अहमद अब्बास यांनी चार शहरांतली विषमता दाखवणारा एक लघु अनुबोधपट केला, त्यात मुंबईतल्या वेश्यावस्तीची दृश्ये होती, त्यांवरून वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि 1970मध्ये न्यायालयाने पूर्वपरीक्षण वैध ठरवले. पुढे मुंबईच्या माहितीपट महोत्सवाने 2004च्या खेपेला भारतीय प्रवेशिकांना सेन्सॉर प्रमाणपत्राची अट घातली, तेव्हा माहितीपटकारांनी एकत्र येऊन मुंबईतच 'विकल्प' नावाचा समांतर महोत्सव भरवला. पटवर्धन यांच्या माहितीपटांचे दूरदर्शनवरील प्रक्षेपण न्यायालयात भांडून मिळवावे लागले. त्यांतल्या एकाविषयीचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने 2006मध्ये दिला. न्यायालयाची पायरी चढणे हा माहितीपटकाराच्या कामाचा भाग असतो, असे कोणत्याही अभ्यासक्रमात छापलेले नसते.

एरवीचे प्रदर्शन यापेक्षा साधे असते: महाविद्यालयांचे सभागृह, 1968पासून काम करणाऱ्या प्रभात चित्र मंडळासारख्या फिल्म सोसायट्या, एखाद्या वाचनालयाचा वरचा मजला. पण मावशींचा माहितीपट पहिल्यांदा दाखवायचा तो चाळीतच. त्याआधी त्यांना तो एकट्याने दाखवलेला असावा, कारण त्यांनी संमतीपत्रावर सही केली तेव्हा 52 मिनिटांत आपण कशा दिसू, याची कल्पना त्यांना असणे शक्यच नव्हते. शेजारणीविषयी बोललेले एक वाक्य काढा असे त्या म्हणाल्या तर ते काढावे, असे माझे मत आहे. उधारी बुडवणाऱ्या मुकादमाविषयीचे काढा म्हणाल्या तर मात्र थोडे बोलून पाहावे.

राहिले 59 तास 8 मिनिटे. माहितीपट संपला की हे चित्रण अडगळीत जाते, आणि तिथेच त्याचे दुसरे आयुष्य सुरू होऊ शकते. गिरणगावातले 1990च्या आसपासचे रस्ते, फाटके आणि भोंगे ज्यांनी केवळ बी-रोल म्हणून टिपले, त्यांच्याजवळ आज न उरलेल्या जागांचे चित्रण आहे. मावशींच्या चाळीचा पुनर्विकास झाल्यावर त्या जिन्याचे, त्या सामाईक नळाचे चित्रण फक्त या डिस्कवर असेल. त्यामुळे डिस्क वर्षातून एक-दोनदा लावून पाहावी, पाच-सहा वर्षांनी मजकूर नव्या डिस्कवर घ्यावा, आणि डब्यावर चित्रणाची तारीख, चाळीचे नाव, मजला, दिसणाऱ्या माणसांची नावे आणि बोलली गेलेली बोली लिहून, मावशींच्या संमतीपत्राची प्रत त्याच डब्यात ठेवावी.